शुक्रवारची पुडी

"तोंड उघड. जीभ वर कर. आता गाल दाखव."

माझ्या पहिल्या नोकरीत मुख्यतः एवढंच बोलायचं असे, आणि ते मला चांगलं जमायचं. मुलुंडच्या मागे, डोंगराच्या पायथ्याशी, एका मिशनचा पत्र्याच्या छपराचा दवाखाना होता. तिथे टीबीच्या पेशंटला गोळ्या घरी न्यायला मिळत नसत. मंगळवारी आणि शुक्रवारी, आठवड्यातून दोनदा, आमच्या डोळ्यांसमोर गिळायच्या. गिळून झाल्यावर तोंड उघडून दाखवायचं. मग मी पिवळ्या कार्डावर त्या तारखेच्या चौकोनात फुली मारायची. दवाखाना चालवणाऱ्या सिस्टर स्वतः डॉक्टर होत्या. त्या म्हणायच्या, "माणूस खोटं बोलतो. नर्स कंटाळते. कार्ड खोटं बोलत नाही."

एका कार्डावर मी खोट्या फुल्या मारल्या. ते कार्ड जिचं होतं ती बाई मेली. हे मी आजवर कुणाला सांगितलेलं नव्हतं. नवऱ्याला नाही, मुलांनाही नाही.

आम्ही घाटकोपरला चाळीत राहायचो. बाबा गिरणीत होते. संप झाला, लांबला, आणि बाबा घरी बसले ते बसलेच. मी बारावी झालेली, थोरली. चाळीतल्या एका नर्सबाईंनी या नोकरीचं सांगितलं. आई मालवणकडची, ती घाबरली. "किरिस्तावांकडे? ते तुका बाटवतले गो." बाबा भिंतीकडे तोंड करून पडले होते. तिथूनच म्हणाले, "बाटवूचो पगार तरी देतत मां? गिरण तर तोय देणा नाय."

जिन्यातल्या मैत्रिणी विचारायच्या, "काय गं, क्रॉस कधी घालतेस गळ्यात?"

"तुझ्या लग्नात," मी म्हणायची.

सिस्टरांनी कधी कुणाला बाटवलं नाही. केरळच्या होत्या, पन्नाशीच्या, अंगाने काटक. कॅनव्हासचे बूट घालून डोंगर चढायच्या. मला 'मोळे' म्हणायच्या, त्यांच्या भाषेत मुली. एकदा वरच्या पाड्यावर एका म्हातारीने त्यांना विचारलं, "तुझा देव काय मागतो? कोंबडा, का दारू?" सिस्टर म्हणाल्या, "काय नाही मागत. तू तोंड उघड." बायका पोट धरून हसल्या. पुढे कितीतरी दिवस पाड्यावर त्यांना 'तोंड उघडवाल्या बाय' म्हणत.

वरचा पाडा वारल्यांचा. दहा-बारा घरं, कुडाच्या भिंती. बसमधून उतरून आधी पाइपलाइनच्या कडेने चालायचं. आत माणूस उभा राहील एवढे ते नळ, त्यांतून शहराचं पाणी धडधडत जायचं. मग डोंगराची वाट, पाऊण तासाची. पाड्यावर प्यायचं पाणी एका खड्ड्यातलं, वाटीने भरायचं. वरून बघितलं की कारखान्यांची धुराडी, कॉलनीच्या गच्च्या, लांब खाडी, सगळं दिसायचं. खालून पाडा दिसत नसे. मुलुंडच्या बाजारात या बायका लाकडाच्या मोळ्या आणि रानभाज्या विकायला बसायच्या, पण त्या येतात कुठून, हे कुणी विचारत नसे. त्या वर्षांत पुरुष कंत्राटदाराकडे, खदानीत कामाला जायला लागले होते. त्यांच्याबरोबर वर पँट आली, रेडिओ आला. खोकलाही आला.

वरच्या पाड्यावर टीबीची पेशंट ती एकटीच. माझ्याहून सात-आठ वर्षांनी मोठी. घरात सासू, नवरा, दीर आणि सहा वर्षांची मुलगी. दिवाळीनंतर औषध सुरू केलं तेव्हा तिला उंबऱ्यापर्यंत येताना दम लागायचा. तिला खाली दवाखान्यात येणं शक्य नव्हतं, म्हणून मंगळवारी आणि शुक्रवारी सकाळी मीच घरून थेट वर जायची आणि दुपारी दवाखान्यात पोचायची. लाल कॅप्सूल, पांढऱ्या गोळ्या. मी तळहातावर द्यायची, ती गिळायची. जीभ बाहेर काढून मला वेडावून दाखवायची. "बघ, बाय. उंदीर पण नाय लपला."

मी सगळ्या पेशंटना सांगायची तसं तिलाही सांगितलं होतं, लाल कॅप्सूलने लघवी लाल होते, घाबरायचं नाही. तर ती म्हणाली, "तुझ्या सिस्टरनं मला आतून रंगवली."

महिन्या-दीड महिन्यात ती मोळी उचलायला लागली, तरी डोस द्यायला मीच वर जात राहिले. सिस्टरांनी तिचं वजन केलं आणि काट्याकडे बघून स्वतःशीच हसल्या. त्यांना हसताना मी फार वेळा पाहिलेलं नाही.

जानेवारीत मी टायपिंगचा क्लास लावला. आयुष्यभर डोंगर चढायचा नव्हता मला, ऑफिसात बसायचं होतं. नोकरी करणाऱ्या मुलींची बॅच बुधवारी आणि शुक्रवारी सकाळी असायची. बुधवार जमायचा. शुक्रवारी डोंगर. पण शुक्रवारी सिस्टर दुसऱ्या डोंगरावरच्या पाड्यांना जायच्या, त्यांची माझी गाठ शनिवारी. तेव्हा मी हिशोब केला तो असा: मंगळवारचा डोस समोर द्यायचा, शुक्रवारचा कागदाच्या पुडीत बांधून तिच्याकडे ठेवायचा. तिला बरं वाटत होतं, शहाणी होती. दिवस मोजता येत नव्हते असं नाही, शुक्रवारी मुलुंडला भाजी कुठे जास्त खपते हे ती मला सांगायची.

पहिली पुडी दिली तेव्हा म्हटलं, "हे सिस्टरला सांगू नकोस हां. माझी नोकरी जाईल. माझे बाबा घरी बसलेत."

तिने पुडी पदराच्या गाठीला बांधली. "मी कशाला सांगू? तू जा. शिक."

इथे मला एक गोष्ट सांगायची आहे, जी मला तेव्हा ठाऊक होती. ठाऊक नव्हती असं म्हणायची सोयच नाही.

त्या घरात येईल त्या वस्तूचे वाटे व्हायचे. रानातले करांदे असोत, ओढ्यातले खेकडे असोत, सिस्टरांनी दिलेला बिस्किटाचा पुडा असो. सासू पान मांडायची आणि सारखे वाटे करायची. जो घरी नसेल त्याचा वाटा जर्मनच्या वाटीखाली झाकून ठेवायची. त्या वेळी दारात जो येईल त्यालाही वाटा. कितीदा तरी मलाही मिळाला होता. बशीभर पोह्यांवरून आमच्या चाळीत भांडणं व्हायची, त्यामुळे मला ते बघून फार बरं वाटायचं. घरी येऊन मी आईला कौतुकाने सांगितलंही होतं.

ज्या घरात एका खेकड्याचे पाच वाटे होत, त्या घरात मी औषध ठेवून येत होते.

मी समोर दिलेली गोळी माझ्या हातातून तिच्या तोंडात जायची. ती घरात आलेली नसायचीच. पुडी घरात आली. सिस्टरांना हे कळलेलं होतं की नुसता नियम म्हणून त्या समोर गिळायला लावायच्या, मला माहीत नाही. पण नियम बरोबर होता.

मार्चमध्ये एका शुक्रवारी क्लासच्या सरांच्या घरी लग्न होतं, क्लास बंद. मला वाटलं, चला, आज खरी फुली मारू. अकराच्या सुमाराला वर पोचले. अंगणात सासू बसली होती, पुढ्यात पळसाचं पान. तिने कॅप्सूल उघडून आतली लाल पूड पानावर ओतली होती. पांढऱ्या गोळ्या पाट्यावर चिरडून त्यात मिसळल्या होत्या. विटेच्या भुकटीसारखी ती पूड नखाने ओढून ओढून सासू वाटे करत होती. दीर बोट चाटत होता. मुलीची जीभ लाल झाली होती आणि जीभ बाहेर काढून ती स्वतःच बघायचा प्रयत्न करत होती. एक वाटा वाटीखाली झाकलेला होता. नवरा खदानीत गेला होता.

"ये, बाय. वेळेला आलीस," सासू म्हणाली. सगळ्यांच्या वाट्यांतलं थोडं थोडं काढून तिने माझ्यासाठी एक वाटा केला.

मी म्हटलं, "आजी, हे तिचं औषध आहे."

"तिचं एकटीचं कसं? खोकला घरात हाय ना? मग औषध घराला." आणि मग, माझी समजूत घालावी तसं, "एकटीनं खाल्लं तर तिला तरी लागंल काय?"

ती, म्हणजे माझी पेशंट, दारात उभी होती. ओशाळून हसत म्हणाली, "मी सांगितलं, बाय बोलते मीच खायचं. आई बोलते, पोर पण खोकते, पोरीला नको काय?"

त्या क्षणी काय करायला हवं होतं ते सोपं होतं. खाली जाऊन सिस्टरांना सांगायचं. सिस्टर ओरडल्या असत्या, मला काढलंही असतं. पण दुसऱ्या दिवशी कॅनव्हासचे बूट घालून त्या वर आल्या असत्या, त्या म्हातारीशी भांडल्या असत्या, मुलीला तपासलं असतं, औषध पहिल्यापासून सुरू केलं असतं. एवढंच करायचं होतं.

सासूने पानाचा तुकडा माझ्यापुढे धरला. त्या घरात वाटा नाकारणं म्हणजे काय, ते मला माहीत होतं, असं मी नंतर स्वतःला खूपदा समजावलं. खरं कारण ते नव्हतं. वाटा नाकारला असता तर बोलावं लागलं असतं, आणि बोलले असते तर पुडी घरात आली कशी ते सांगावं लागलं असतं. मी वाटा घेतला. जिभेवर ठेवला. कडू होता. सासूनेच वरून प्यायला पाणी दिलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी चाळीच्या संडासात मला लाल दिसलं. सगळ्यांना मीच सांगायचे, घाबरायचं नाही. बाहेर दोघी-तिघी डबे घेऊन उभ्या होत्या. मी पाणी ओतलं, परत ओतलं. बाहेरून कुणीतरी म्हणालं, "अगं ए, आंघोळ करतेस काय आत?"

त्यानंतर दोन शुक्रवार मी वर गेले. तिला बजावलं, तू एकटीच खायचं. ती मान हलवायची. मग टायपिंगची परीक्षा आली आणि पुड्या पुन्हा सुरू झाल्या. मी स्वतःला सांगितलं, आता ती एकटीच खात असेल. तिला विचारलं मात्र नाही. विचारलं असतं तर ती खोटं बोलली नसती.

परीक्षा झाली, मी पास झाले.

जूनमध्ये सिस्टरांनी तिची थुंकी तपासायला पाठवली. तिचा आवाज तोवर पुन्हा बसला होता, गळ्याची हाडं दिसायला लागली होती. रिपोर्ट आला, जंतू होतेच. सिस्टरांनी कार्ड काढलं. मंगळवार, शुक्रवार, मंगळवार, शुक्रवार, एकही चौकोन रिकामा नाही. बोटाने एकेक फुली मोजली. मग मला विचारलं, "मोळे, तुझ्या समोर गिळलं ना तिने? प्रत्येक वेळी?"

"हो, सिस्टर."

"तोंड बघितलंस?"

"हो."

त्यांनी तिला आणि सासूला खाली बोलावलं. दवाखान्यात दहा-बारा बायका बाकांवर बसलेल्या होत्या. सिस्टर तशा मनाला लागेल असं बोलणाऱ्या नव्हत्या, पण त्या दिवशी बोलल्या. "ही पोरगी ऊन-पाऊस न बघता डोंगर चढते तुझ्यासाठी. आणि ती गेली की तू घशात बोट घालून ओकतेस? थुंकतेस? एवढं औषध मी कुठून कुठून मागून आणते, ते तू मातीत थुंकतेस?"

ती म्हणाली, "थुकत नाय."

"मग गेलं कुठे?"

सासूने तोंड उघडलं. "बाय, ती पुडी..."

तिने सासूच्या गुडघ्यावर हात ठेवला. जोरात नाही, नुसता ठेवला. सासू गप्प झाली. ती माझ्याकडे बघत नव्हती, जमिनीकडे बघत होती. परत एकदा म्हणाली, "मी थुकत नाय, सिस्टर." बाकावरची एक बाई म्हणाली, "जंगलातली माणसं ही. काय कळतंय यांना." मी कापसाचे बोळे करत होते. बोळे करत राहिले.

तिने मला शब्द दिला होता, तो पाळला. माझ्या बाबांना तिने कधी पाहिलंही नव्हतं.

सिस्टरांनी तिला शहरातल्या मोठ्या टीबी हॉस्पिटलात पाठवलं. ती जायला तयार नव्हती. नवऱ्याने खांद्यावर बसवून डोंगर उतरवला, खालून दवाखान्याच्या गाडीने. मुलगी पाइपलाइनपर्यंत मागे आली, तिथून तिला परत पाठवलं. पुढे नवऱ्याला खाडा करून दर आठवड्याला जाणं जमेना. गणपतीच्या सुमाराला ती गेल्याचा निरोप आला. तो आधी आमच्या दवाखान्यात आला, तो पाड्यावर पोचायला दीड दिवस गेला. घरचे तिथे गेले तोवर सगळं आटपलं होतं. माती तिकडेच झाली.

सासूने वाटीखाली तिचा वाटा ठेवणं किती दिवस चालवलं, मला माहीत नाही. मी पाहिलं तेव्हा महिना उलटला होता आणि वाटी तिथेच होती. त्यानंतर मी वर गेले नाही. विक्रोळीला एका कंपनीत टायपिस्टची नोकरी लागली होती.

सिस्टरांनी त्या कार्डावरून जो अर्थ काढला तो त्यांच्या दृष्टीने बरोबरच होता. डोंगरावरच्या लोकांना घरी औषध देऊन उपयोग नाही, असं त्यांनी ठरवलं. टीबी असेल त्याने हॉस्पिटलात राहायचं. राहायला कुणी तयार होईना. मोठ्या हॉस्पिटलातून माणूस परत येत नाही, हे पाड्याने पाहिलेलं होतं. हळूहळू वरची माणसं दवाखान्यात यायची बंद झाली. दोन वर्षांनी सिस्टरांची बदली झाली. केरळहून त्यांचं एक पोस्टकार्ड आलं, तिरक्या अक्षरातलं हिंदी. शेवटी लिहिलं होतं, 'त्या बाईचा विचार अजून येतो. माझा डोस चुकला का? तुला काय वाटतं?'

मी उत्तर पाठवलं. त्यात माझं लग्न ठरल्याची बातमी कळवली. नंतर कुणाकडून तरी कळलं, सिस्टर गेल्या.

ऑफिसात माझ्या टाइपरायटरची रिबन दोन रंगांची होती, वर काळा, खाली लाल. साहेब कधी कधी महत्त्वाचा मजकूर लाल टाइप करायला सांगायचे. मी मशीन बिघडलंय सांगून टाळायची. इतक्या वर्षांत एकदाही लाल टाइप केलं नाही. घरी कुणाचं जेवण झाकून ठेवायचं असेल तर ताटली ठेवते, वाटी उपडी घालत नाही. मुलं यावरून चेष्टा करतात.

मागच्या वर्षी आमच्याकडे काम करणाऱ्या बाईंना टीबी झाला. एक दिवस म्हणाल्या, "ताई, दवाखान्यातले लई कडक आहेत. समोर गिळायला लावतात, वर म्हणतात तोंड उघड." मी सिंकपाशी उभी होते. नळ बंद केला. त्या आठवड्यात मी मुलुंडला गेले.

पाइपलाइन आहे. वाट अर्ध्यापर्यंत सिमेंटची झाली आहे. पाड्यावर विटांच्या भिंती, डिश अँटेना, नळही आलाय, दिवसाआड. मुलगी आता चाळिशीकडे आली आहे. अंगणवाडीत मदतनीस आहे, तिची स्वतःची दोन मुलं. आजी, बाप, काका, कुणी नाही. तिने मला ओळखलं नाही. मी सांगितलं, तुझ्या आईला औषध द्यायला यायचे ती. तेव्हा म्हणाली, "ती पुडीवाली बाय?"

तिने उकडलेले करांदे आणले. वाटे केले, एक माझ्यापुढे ठेवला. मी हात लावला नाही. म्हटलं, "आधी सांगते." आणि सगळं सांगितलं. क्लास, पुडी, फुल्या, मी खाल्लेला वाटा. सिस्टरांना 'हो' म्हणाले तेही.

ती करांद्याची साल काढत ऐकत होती. मी थांबल्यावर म्हणाली, "मला लाल जीभ आठवते. मला वाटायचं, खाऊ."

मग पुढचा करांदा हातात घेत, "सिस्टरला सांगितलंस मागून?"

"नाही. त्याही गेल्या."

"म्हणजे सिस्टर मेली तवा पण तिला वाटत होतं, आमची आई थुकते."

"हो."

"इथं पण तसंच बोलतात. अजून. कोणी औषध टाळलं की बोलतात, तिच्यासारखी थुकू नको, मरशील." तिचा आवाज चढला नव्हता. "माझ्या पोराला शाळेत बोलले. तुझी आजी थुकायची."

मी म्हटलं, "मी काय करू सांग."

"आता काय करशील? आई येते काय?" तिने माझा वाटा उचलला नाही आणि मला खा असंही म्हणाली नाही. "तुला लिवता येतं. त्याच्यासाठी तर शिकायला गेलीस. मग लिव. जे झालं ते. मी पोराला वाचून दाखवीन."

म्हणून हे लिहिलं. पाड्यावरच्या मुलाला हे वाचून दाखवलं जाणार आहे, तेव्हा शेवटचं त्याच्यासाठी, सरळ लिहिते.

तुझी आजी थुंकत नव्हती. मी समोर दिलेली प्रत्येक गोळी तिने गिळली, आणि गिळून मला तोंड उघडून दाखवलं. कार्डावर शुक्रवारच्या ज्या फुल्या आहेत, त्यांतल्या बऱ्याचशा खोट्या आहेत आणि त्या माझ्या हाताच्या आहेत. हे तिला माहीत होतं. तरी ती सगळ्यांसमोर बोलणी खाऊन गप्प राहिली. खोटं मी बोलले. ती नाही.